लहान रस्त्याचा लेख आणि त्याचे फेरपासिंग



रस्त्याच्या कडेला उभा असलेला किलोमीटरचा दगड आपण रोज पाहतो. त्याच्या डोक्याचा रंग पिवळा असला तर रस्ता राष्ट्रीय महामार्ग, हिरवा असला तर राज्य महामार्ग, हे पुष्कळांना ठाऊक असते. खाली पुढच्या गावाचे नाव आणि अंतराचा आकडा लिहिलेला असतो. तो आकडा बरोबर आहे की नाही हे आपण कोणी टेप लावून पाहत नाही. दगडावर आपला विश्वास असतो. पण समजा, मध्यंतरी एखादे वळण सरळ केले, गावाबाहेरून नवा रस्ता काढला, आणि दगड मात्र होता तिथेच राहिला, तर काय होईल? ज्या दिवशी दगड लावला त्या दिवशी आकडा बरोबरच होता. रस्ता बदलला, आकडा तसाच राहिला.

आज ज्या विषयावर चार शब्द सांगायचे आहेत, तो याच जातीचा आहे. मोबाइलवर जो ज्ञानकोश आपण उघडतो, त्या विकिपीडियात मोठमोठ्या विषयांबरोबर लहान लहान महामार्गांवरही लेख असतात. त्यांतल्या काही लेखांना ‘चांगला लेख’ असा शिक्का मिळालेला असतो. हा शिक्का मिळून पाच-दहा वर्षे झाली, म्हणजे तो लेख अजूनही त्या शिक्क्याला पात्र आहे का, याची फेरतपासणी करण्याची तिथे रीत आहे. ही फेरतपासणी कशी करतात, आणि खेड्यातल्या माणसाचा व शाळेतल्या शिक्षकाचा तिच्याशी काय संबंध, एवढेच आज पाहू.

कोणी म्हणेल, “अहो, एवढ्याशा रस्त्याचा लेख, त्याची कसली परीक्षा?” या प्रश्नाचे उत्तर पुढे ओघाने येईलच. आधी ज्ञानकोशाचे दोन शब्द.

ज्ञानकोश ही गोष्ट मराठी माणसाला नवी नाही. डॉ. श्रीधर व्यंकटेश केतकर यांनी विसाव्या शतकाच्या दुसऱ्या-तिसऱ्या दशकांत महाराष्ट्रीय ज्ञानकोशाचे तेवीस खंड सिद्ध केले. पुढे वाईला तर्कतीर्थ लक्ष्मणशास्त्री जोशी यांच्या संपादकत्वाखाली मराठी विश्वकोशाचे काम उभे राहिले आणि त्याचा पहिला खंड १९७६ साली बाहेर पडला. या कोशांत लेख कोणी लिहायचा हे ठरलेले असे. जाणकाराने लिहायचे, संपादकाने तपासायचे, छापखान्याने छापायचे. एकदा खंड बांधून झाला की त्यातले अक्षर पुढच्या आवृत्तीपर्यंत हलत नसे.

विकिपीडियाची तऱ्हा निराळी. तो १५ जानेवारी २००१ रोजी इंग्रजीत सुरू झाला, आणि १ मे २००३ रोजी, म्हणजे महाराष्ट्रदिनी, त्याची मराठी आवृत्ती निघाली. इथे लेख कोणीही लिहावा, कोणीही सुधारावा. प्रत्येक बदलाची नोंद मात्र राहते. लेखाच्या माथ्यावर ‘इतिहास पहा’ असे एक दार आहे. ते उघडले की कोणत्या दिवशी कोणते वाक्य घातले, कोणते काढले, हे सारे वाचता येते. शेजारी ‘चर्चा’ नावाचे दुसरे दार आहे. तिथे लेखाबद्दल शंका विचारायची आणि वाद घालायचा. ही दोन दारे सर्वांना उघडी असतात, पण बहुतेक वाचक तिकडे फिरकत नाहीत. लेख वाचतात, आकडा टिपून घेतात, आणि पुढे जातात.

आता ‘चांगला लेख’ म्हणजे काय? इंग्रजी विकिपीडियात ही पद्धत २००५ सालापासून चालत आली आहे. लेख लिहिणाऱ्याने किंवा दुसऱ्या कोणी त्याचे नाव सुचवायचे, आणि ज्याने तो लिहिण्यात मुख्य हात लावला नाही अशा माणसाने तो तपासायचा. कसोट्या सहा आहेत, आणि त्या आपल्या निबंधाच्या वहीलाही लागू पडाव्यात इतक्या साध्या आहेत. एक, भाषा स्वच्छ आणि समजेल अशी असावी. दोन, प्रत्येक विधान पडताळून पाहता येईल असे असावे, म्हणजे ते कुठून घेतले हे सांगितलेले असावे. तीन, विषयाची मुख्य अंगे सारी यावीत. चार, लेखक कोणाच्या बाजूने बोलत नसावा. पाच, रोज उठून मारामारीने बदलला जाणारा लेख नसावा. सहा, शक्य तिथे चित्रे असावीत आणि ती वापरण्याची परवानगी असावी. या सहाही कसोट्यांना उतरला की लेखाच्या कोपऱ्यात एक लहानसे हिरवे चिन्ह उमटते.

हे चिन्ह म्हणजे पदवी नव्हे. पदवी एकदा मिळाली की जन्मभर नावापुढे लावता येते. हे चिन्ह मालमोटारीच्या पासिंगसारखे आहे. गाडी नवी असताना पास झाली म्हणून ती पंधरा वर्षे पासच राहील असे कोणी समजत नाही. मुदत संपली की ती पुन्हा कार्यालयापुढे उभी करावी लागते. ब्रेक, दिवे, टायर पुन्हा पाहिले जातात. लेखाचेही तसेच. फरक इतकाच की गाडीच्या पासिंगला तारीख ठरलेली असते, आणि लेखाच्या बाबतीत कोणा तरी वाचकाने उठून “हे एकदा पुन्हा पाहायला हवे” असे म्हणावे लागते.

आणि इथेच लहान रस्त्याची गोष्ट येते. मोठ्या शहरावरचा, पंतप्रधानांवरचा, क्रिकेटच्या खेळाडूवरचा लेख हजारो लोक वाचतात. त्यात चूक शिरली तर तासाभरात कोणी तरी ती पुसतो. लहान रस्त्यावरचा लेख एकदा कोणी हौसेने लिहिला, कोणी तपासला, त्याला हिरवे चिन्ह मिळाले, आणि मग त्याच्याकडे वर्षानुवर्षे कोणी पाहिले नाही, असे सहज घडते. चूक तिथे निवांत नांदते. म्हणून फेरतपासणीची गरज थोराच्या लेखापेक्षा लहानाच्या लेखाला अधिक.

लहान विषयाचा लेख वाईटच असतो असे मात्र समजू नये. अमेरिकेतील मिशिगन राज्यात मॅकिनॉ नावाचे एक बेट आहे. त्या बेटाला वेढा घालून सुमारे आठ मैलांचा, म्हणजे जवळजवळ तेरा किलोमीटरचा, एक राज्य महामार्ग जातो. त्याचा क्रमांक ‘एम-१८५’. गंमत अशी की या महामार्गावर मोटारींना बंदी आहे. लोक सायकलीने, घोडागाडीने किंवा पायी जातात. केवळ तेरा किलोमीटरचा रस्ता, पण त्याचा मार्ग, त्याचा इतिहास, मोटारबंदीचे कारण, हे सारे आधार देऊन नीट सांगता येते. विषय लहान असला म्हणजे सांगण्यासारखे काही नसते, हा आपला गैरसमज आहे.

आता आपल्या घराजवळचा रस्ता घेऊ. खारघर हे पनवेल तालुक्यातले ठिकाण. त्याच्या अंगावरून सायन-पनवेल महामार्ग जातो. लांबी सुमारे पंचवीस किलोमीटर. वर्दळ मात्र अफाट. हा राज्याच्या सार्वजनिक बांधकाम विभागाकडचा रस्ता आहे, म्हणून राष्ट्रीय महामार्गांच्या याद्यांत तो शोधू गेल्यास फसगत होते. समजा, या रस्त्यावर पंधरा वर्षांपूर्वी लिहिलेला एक लेख आपल्यापुढे आहे आणि तो आपल्याला फेर तपासायचा आहे. खऱ्या लेखाशी याचा संबंध नाही; उदाहरणासाठी आपणच तो मनात रचू. त्यातले एकेक वाक्य उचलून पाहू.

पहिले वाक्य: ‘हा रस्ता कळंबोलीजवळ राष्ट्रीय महामार्ग ४ ला मिळतो.’ लिहिले त्या काळी लोकांच्या तोंडी हाच क्रमांक होता. परंतु २०१० साली केंद्र सरकारने देशातल्या राष्ट्रीय महामार्गांना नवे क्रमांक दिले. जुना ४ क्रमांकाचा पुण्याकडे जाणारा मार्ग आता ४८ झाला. पनवेलहून कोकणात आणि गोव्याकडे उतरणारा जुना १७ क्रमांकाचा मार्ग ६६ झाला. पळस्प्याहून उरणच्या बंदराकडे जाणारा ‘४ ब’ हा ३४८ झाला. रस्ता तोच, खड्डेही तेच, पण पाटी बदलली. आता तपासणाऱ्याने काय करावे? जुना क्रमांक खोडून नवा लिहिला की भागले, असे नाही. जुन्या बातम्यांत, जुन्या खरेदीखतांत, म्हाताऱ्या माणसांच्या बोलण्यात जुनाच क्रमांक असतो. म्हणून ‘पूर्वीचा राष्ट्रीय महामार्ग ४, २०१० च्या क्रमांकनानंतर ४८’ असे दोन्ही सांगणारे वाक्य हवे.

दुसरे वाक्य: ‘खारघर येथे ग्रामपंचायत आहे.’ हेही एके काळी खरे. पण १ ऑक्टोबर २०१६ रोजी पनवेल महानगरपालिका स्थापन झाली आणि खारघर तिच्या हद्दीत गेले. इतके कशाला, जिल्ह्याचे नावसुद्धा पूर्वी कुलाबा होते. ते १९८१ साली रायगड झाले. रस्त्याच्या लेखात गावाचा कारभार कोणाकडे, हे चुकले तर दिवाबत्ती, गटार, पदपथ यांची तक्रार कोणाकडे न्यायची हेही वाचकाला चुकीचेच कळते.

तिसरे वाक्य: ‘ठाण्याच्या खाडीवर वाशीजवळ रस्त्याचे दोन पूल आहेत.’ पहिला पूल १९७३ साली खुला झाला, दुसरा १९९७ साली. म्हणजे वाक्य बरीच वर्षे बिनचूक होते. मग २०२४ साली तिसऱ्या पुलाची पुण्याकडे जाणारी बाजू वाहतुकीला खुली झाली, आणि त्या दिवशी हे वाक्य शिळे झाले. त्याच वर्षी जानेवारीत शिवडी ते न्हावा-शेवा हा अटल सेतूही सुरू झाला. मुंबईहून पनवेल-उरणच्या बाजूला येण्याची आणखी एक वाट निघाली, तेव्हा सायन-पनवेल रस्त्याचे स्थान काय, हे सांगणारा परिच्छेदही पुन्हा वाचावा लागतो. एक नवा पूल झाला की एकच वाक्य बदलत नाही. त्याच्यावर टेकलेली दहा वाक्ये हलतात.

चौथे वाक्य: ‘रस्त्याजवळ मेट्रो रेल्वेचे बांधकाम चालू आहे आणि विमानतळ प्रस्तावित आहे.’ बेलापूर ते पेंधर ही नवी मुंबईची मेट्रो खारघरवरून १७ नोव्हेंबर २०२३ पासून धावते. नवी मुंबईच्या विमानतळाचे उद्घाटन ८ ऑक्टोबर २०२५ रोजी झाले आणि त्याच वर्षीच्या डिसेंबरात तेथून विमाने सुटू लागली. फेरतपासणी करणाऱ्यांनी काही शब्दांवर खूण करून ठेवावी: ‘सध्या’, ‘नुकताच’, ‘लवकरच’, ‘प्रस्तावित’, ‘चालू आहे’. हे शब्द दुधासारखे आहेत. लिहिताना ताजे असतात आणि न कळत नासतात. त्यांच्या जागी साल घातले की वाक्य टिकते. ‘२००८ साली प्रस्तावित होता’ हे वाक्य शंभर वर्षांनीही खोटे होणार नाही.

पाचवे वाक्य लांबीचे. एका ठिकाणी तेवीस किलोमीटर, दुसऱ्या ठिकाणी पंचवीस, असे दोन आकडे भेटले की आपण म्हणतो, कोणी तरी चुकले. तसे नसेलही. एकाने सायनच्या चौकापासून मोजले असेल, दुसऱ्याने मानखुर्दच्या बाजूने; एकाने कळंबोलीला थांबवले असेल, दुसऱ्याने पनवेल गाठले असेल. म्हणून नुसता आकडा हा अर्धाच आकडा. ‘अमुकपासून तमुकपर्यंत’ हे जोडले तरच तो पुरा होतो.

सहावे वाक्य: ‘हा महाराष्ट्रातील सर्वात सुंदर आणि सर्वात उपयुक्त महामार्ग आहे.’ हे वाक्य ऐकायला गोड, पण मोजायचे कशाने? असे वाक्य निमूटपणे काढून टाकावे. ‘टोल हा जनतेवर अन्याय आहे’ हेही ज्ञानकोशाचे वाक्य नव्हे. वाहनचालकांची तक्रार काय होती, सरकारचे उत्तर काय होते, दोन्ही बाजू नाव-तारखेसह सांगाव्यात आणि निकाल वाचकावर सोडावा.

आणि सातवे, लेखात नसलेले वाक्य. फेरतपासणीत हे सर्वात अवघड, कारण जे नाही ते डोळ्यांना दिसत नाही. मुंबईहून पुण्याला जाणारा माणूस पनवेललाच का येत असे? रेल्वे होण्यापूर्वी लोक मुंबईहून होडीने पनवेलच्या बंदरात उतरत आणि तेथून बोरघाटाने वर चढत. गाड्या जाऊ शकतील असा बोरघाटाचा रस्ता १८३० साली, गव्हर्नर सर जॉन माल्कम यांच्या कारकिर्दीत खुला झाला. पनवेल हे नाके रस्त्यामुळे घडले. आणि पुढे खाडीवर पूल झाला तेव्हा होडीची जागा रस्त्याने घेतली. २००२ साली पूर्ण झालेला मुंबई-पुणे द्रुतगती मार्गही कळंबोलीहूनच निघतो. हा धागा ज्या लेखात नाही, त्यात चौक आणि फाटे सारे असले तरी रस्त्याचे मुख्य अंग राहून गेले असे म्हणावे लागेल.

अशी तपासणी झाली की पुढे काय? लेखाच्या चर्चेत दोष क्रमाने मांडायचे, आणि ज्यांनी तो लेख मेहनतीने लिहिला त्यांना कळवायचे. त्यांना सवड द्यायची. ते दुरुस्त करतील तर उत्तमच. आणखी कोणी पुढे येऊन दुरुस्त करील तरी उत्तम. चिन्ह काढणे हा या कामाचा हेतू नाही. कोणीच पुढे आले नाही, दोष तसेच राहिले, तर चर्चेअंती हिरवे चिन्ह काढून घेतात. लेख पुसत नाहीत. तो तिथेच असतो. सुधारला तर पुन्हा परीक्षेला बसू शकतो. इथे डोकी मोजून निकाल लावत नाहीत, युक्तिवादाने लावतात. ‘आमच्या गावचा लेख आहे, राहू द्या’ हा युक्तिवाद होत नाही. ‘हा पाहा आधार’ हा होतो.

इथे आपल्यापैकी पुष्कळांच्या मनात एक रास्त प्रश्न येईल. “रस्ता आमच्या दारावरून जातो. कुठला फाटा कधी फुटला, हे आम्ही डोळ्यांनी पाहिले आहे. आमच्या डोळ्यांपेक्षा वर्तमानपत्राचा कागद मोठा का?” प्रश्नात दम आहे. परंतु ज्ञानकोश वाचणारा माणूस नागपुरात असेल, लंडनमध्ये असेल. तो आपल्याला ओळखत नाही. आपण पाहिले ते त्याला पाहता येत नाही. त्याच्या हाती पडताळायला काही तरी द्यायला हवे: शासनाचे राजपत्र, बांधकाम विभागाची प्रकाशित यादी, जुने गॅझेटियर, वर्तमानपत्रातली तारखेची बातमी. १८८३ साली छापलेले कुलाबा जिल्ह्याचे गॅझेटियर आहे. त्यात जुन्या रस्त्यांची आणि बंदरांची माहिती मिळते.

मग डोळ्यांनी पाहिलेल्याला काही किंमतच नाही का? आहे, आणि ती फार मोठी आहे. चूक प्रथम कळते ती तिथे राहणाऱ्यालाच. दूरच्या तपासनिसाला वाक्य छान वाटते, आधाराचा क्रमांकही दिसतो; त्याला शंका येत नाही. दारात रस्ता असलेल्या माणसाला वाचताक्षणी खटकते. खटकणे त्याचे, पुरावा कागदाचा. दोघांची जोडी जमली म्हणजेच लेख सुधारतो.

हा वाद इतका सोपा नाही, हेही सांगितले पाहिजे. अमेरिकेत महामार्गांवर लिहिणारा संपादकांचा एक मोठा गट विकिपीडियात वर्षानुवर्षे काम करीत होता. लहान रस्त्यांबद्दल नकाशे आणि सरकारी कागद यांच्याशिवाय दुसरे काही छापलेलेच नसते. तेवढ्यावर स्वतंत्र लेख उभा करावा का, नकाशा पाहून काढलेले अनुमान हा आधार मानावा का, यावर बराच खल झाला. शेवटी २०२३ साली त्यांच्यापैकी अनेकांनी बाहेर पडून रस्त्यांपुरता आपला निराळा कोश काढला. एक बाजू म्हणते, कडक नियम नसेल तर कोणीही काहीही लिहील. दुसरी म्हणते, फार कडक नियमाने लहान गावांची आणि लहान रस्त्यांची माहितीच जगातून नाहीशी होईल. दोन्ही म्हणण्यांत तथ्य आहे. आपल्याकडे तर प्रश्न आणखी बिकट, कारण आपल्या जिल्हा मार्गांवर आणि ग्रामीण मार्गांवर लिहिलेलेच थोडे. १९४३ च्या नागपूर योजनेने रस्त्यांची जी उतरंड लावली, राष्ट्रीय महामार्ग, राज्य महामार्ग, प्रमुख जिल्हा मार्ग, इतर जिल्हा मार्ग आणि ग्रामीण मार्ग, तिच्या खालच्या पायऱ्यांची लेखी हकीकत क्वचितच मिळते. ती लिहून, छापून ठेवणे हे काम कोणी तरी करायला हवे.

आता सुरुवातीच्या प्रश्नाकडे वळतो. एवढ्याशा लेखात चूक राहिली तर बिघडले काय? तीन गोष्टी बिघडतात.

पहिली शाळेत. प्रकल्पासाठी मुले कोशातून उतरवून घेतात. वहीतली चूक सुंदर अक्षरात भिंतीवर लागते, आणि भिंतीवरची चूक खरी वाटू लागते.

दुसरी चूक फिरण्याची. २००९ सालची गोष्ट. जर्मनीत कार्ल-थिओडोर त्सू गुटेनबर्ग हे मंत्री झाले. त्यांचे पाळण्यातले नाव आधीच आगगाडीसारखे लांब. कोणी तरी विकिपीडियात त्यात ‘विल्हेल्म’ हा एक खोटा डबा जोडून दिला. वर्तमानपत्रांनी ते नाव तेथून उचलून छापले. पुढे नाव खरे की खोटे असा प्रश्न निघाला, तेव्हा त्याच छापील बातम्या आधार म्हणून पुढे आल्या! विहिरीत टाकलेले पाणी बादलीने वर काढून, ‘पाहा, विहिरीला पाणी आहे’ म्हणण्यासारखाच हा प्रकार. मंत्र्याचे नाव होते म्हणून चूक पकडली गेली. लहान रस्त्याच्या बाबतीत कोण पकडणार? आणि आता तर प्रश्न विचारला की उत्तर देणारी संगणकी यंत्रेही अशाच लेखांवर शिकतात. ती चूक मग आधाराचा क्रमांक न सांगता, मोठ्या आत्मविश्वासाने, हजारो लोकांच्या कानी जाते.

तिसरी गोष्ट शेतकऱ्यांसाठी. रस्ता रुंद होणार, अमुक गटातून जाणार, अशा गोष्टी कोशात वाचून कोणी जमिनीचा व्यवहार करू नये. भूसंपादनाला राजपत्रातील अधिसूचना, मोजणीचा नकाशा आणि सातबारा हेच प्रमाण. कोश हा वाटाड्या आहे, तलाठी नव्हे. चांगला लेख आपल्याला मूळ कागदाचा पत्ता सांगतो. तो पत्ता घेऊन पुढे आपणच जायचे असते.

शेवटी शिक्षकबंधू-भगिनींना एक सुचवावेसे वाटते. सातवी-आठवीच्या वर्गात दोन तासांत हे काम होण्यासारखे आहे. गावाजवळच्या रस्त्यावरचा लेख उघडावा आणि मुलांना पाच प्रश्न द्यावेत. लेखात शेवटचा खरा बदल कधी झाला? कोणते वाक्य आधारावाचून उभे आहे? जिथे आधार दिला आहे तो उघडतो का, आणि त्यात खरोखर तेच लिहिले आहे का? ‘सध्या’ आणि ‘लवकरच’ हे शब्द कुठे कुठे आहेत? आणि गावात सर्वांना ठाऊक असलेली कोणती महत्त्वाची गोष्ट लेखात नाही? मुले रस्त्यावर जाऊन दगड पाहतील, पाटीवरचा क्रमांक टिपतील, आजोबांना विचारतील, ग्रंथालयात जुने गॅझेटियर चाळतील. भूगोल, इतिहास आणि भाषा असे तीन विषय एका रस्त्यावर भेटतील. दोष सापडले तर शिक्षकांनी चर्चेच्या पानावर नम्र शब्दांत, आधार देऊन नोंदवावेत. पहिल्याच दिवशी लेख बदलायची घाई करू नये, आधी विचारावे.

लेखच नसला तर? मग मुलांनी माहिती गोळा करून, कोणी सांगितले, कधी सांगितले, कुठल्या कागदात आहे, हे लिहून शाळेच्या हस्तलिखितात ठेवावे. आज ना उद्या कोणी तरी त्या रस्त्यावर लिहायला बसेल, आणि नेमका कुठला कागद शोधायचा हे त्याला त्या वहीतून कळेल.